ताई महाराज प्रकरण : माणूस जातो, अपील का उरते?

१/
२६ मार्च १९१५. लंडनच्या डाउनिंग स्ट्रीटवरील प्रिव्ही कौन्सिलच्या न्यायसमितीने पुण्यातील एका अपिलाचा निकाल दिला. प्रश्न होता जून १९०१ मध्ये औरंगाबादेस एका लहान मुलाचे दत्तविधान झाले होते की नाही, एवढाच. ज्या स्त्रीने त्या मुलाला मांडीवर घेतले असे एका पक्षाचे म्हणणे होते आणि घेतले नाही असे दुसऱ्याचे, ती स्त्री निकालाच्या कितीतरी वर्षे आधीच वारली होती. महाराष्ट्र हा खटला आजही तिच्याच नावाने ओळखतो : ताई महाराज प्रकरण.

२/
या प्रकरणाची चर्चा बहुधा टिळकांच्या चारित्र्यापुरती मर्यादित राहते. टिळकांवर खोट्या साक्षीचा आरोप कसा आला, ते त्यातून कसे सुटले, हे बहुतेकांना ठाऊक असते. मात्र कायद्याच्या इतिहासाच्या दृष्टीने यातला आणखी एक प्रश्न तितकाच मोलाचा आहे. वादाच्या मध्यभागी असलेली व्यक्तीच निघून गेली, तर वाद चालू कशासाठी राहतो? अपील केव्हा निरर्थक होते आणि केव्हा होत नाही? या थ्रेडमध्ये ताई महाराज प्रकरणाच्या आधाराने त्याचा शोध घेऊ.

३/
प्रथम मूळ कल्पना. दिवाणी न्यायालय हे शंकासमाधान करणारे पीठ नाही. कोणाला तरी काही द्यावयाचे, कोणाकडून काही काढून घ्यावयाचे, किंवा कोणाचा हक्क जाहीर करावयाचा, यासाठी ते बसलेले असते. निकाल कोणताही लागला तरी कोणाच्याच पदरात काही पडणार नाही आणि कोणाचेच काही जाणार नाही, अशी स्थिती आली की अपील निष्फळ झाले असे म्हणतात. वकिलांच्या बोलीत त्याला ‘इन्फ्रक्चुअस’ हा शब्द आहे. अशा वेळी न्यायालय गुणदोषांत न शिरता ते निकाली काढते.

४/
एक कल्पित उदाहरण घ्या. पुण्यातील एखादा जुना वाडा पाडण्यास मनाई मिळावी म्हणून कोणी दावा लावला, तो हरला आणि त्याने अपील केले. अपील चालू असतानाच एका पावसाळ्यात वाडा आपोआप कोसळला. आता मनाई कशास करावयाची? अपील निष्फळ. पण त्याच दाव्यात नुकसानभरपाईची मागणी असेल, किंवा वाड्याखालची जागा कोणाची हा प्रश्न असेल, तर वाडा पडूनही अपील जिवंत राहते. म्हणजे मुख्य प्रश्न ‘वाडा उभा आहे का’ हा नसून ‘देण्यासारखे काही शिल्लक आहे का’ हा असतो.

५/
पक्षकाराचा मृत्यू ही याच्या जवळची, परंतु वेगळी गोष्ट. पक्षकार वारला आणि त्याचा दावा करण्याचा हक्क त्याच्याबरोबरच संपला, तर दावा विरून जातो. अब्रूनुकसानीसारख्या निव्वळ वैयक्तिक तक्रारी सामान्यतः अशा विरतात. हक्क मागे उरत असेल, तर मात्र मृताच्या जागी त्याचा वारस किंवा प्रतिनिधी उभा राहतो आणि कामकाज पुढे चालते. १८८२ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३६१ व्या कलमाचा हाच आशय होता. १९०८ च्या संहितेत तोच नियम बाविसाव्या आदेशात आला आणि अपिलांनाही लागू झाला.

६/
आता पुण्याकडे. वासुदेव हरिहर पंडित ऊर्फ बाबा महाराज हे पुण्यातील पहिल्या वर्गाचे सरदार आणि टिळकांचे स्नेही. ऑगस्ट १८९७ मध्ये पटकीने ते अत्यवस्थ झाले. त्याच वेळी राजद्रोहाच्या आरोपाखाली अटक झालेले टिळक नुकतेच जामिनावर सुटले होते. मृत्युशय्येवरील मित्राने मृत्युपत्र केले आणि व्यवस्था पाहण्यासाठी जे विश्वस्त नेमले त्यांत टिळकांचे नाव घातले. अमरावतीचे गणेश श्रीकृष्ण खापर्डे हेही त्यांतलेच. ७ ऑगस्ट १८९७ रोजी बाबा महाराजांचे निधन झाले.

७/
मागे राहिली ती त्यांची तरुण पत्नी सकवारबाई, म्हणजेच ताई महाराज. ती तेव्हा गरोदर होती. मृत्युपत्राचा मथितार्थ असा : मुलगा झाला तर इस्टेट त्याची, मुलगा न झाला किंवा होऊन वारला, तर विश्वस्तांच्या विचाराने दत्तक घ्यावा. १८९८ च्या आरंभी मुलगा झाला, पण तो अवघ्या काही आठवड्यांत गेला. टिळक तेव्हा राजद्रोहाची शिक्षा भोगत होते. त्यांची सुटका सप्टेंबर १८९८ मध्ये झाली. दत्तकाचा प्रश्न अशा रीतीने विश्वस्तांच्या दारी आला.

८/
दत्तक ही त्या काळी केवळ घरगुती बाब नव्हती. दत्तक मुलगा मृत पित्याचा वारस ठरे. इस्टेट, सरदारकीचा मान आणि श्राद्धाचा अधिकार त्याच्याकडे जाई. विधवेचा हक्क त्यापुढे पोटगी आणि निवाऱ्यापुरता आकसे. दत्तक कोण आणि केव्हा, यावर विधवेचे उर्वरित आयुष्य अवलंबून असे. दत्तविधानाचा गाभा म्हणजे देणे आणि घेणे : जन्मदात्याने मुलगा द्यावयाचा, दत्तक घेणाऱ्याने तो स्वीकारावयाचा. आणि एक दत्तपुत्र हयात असताना दुसरा घेता येत नसे. हा शेवटचा नियम पुढे सर्वांत महत्त्वाचा ठरला.

९/
जून १९०१ मध्ये ताई महाराज, टिळक, खापर्डे आणि इतर मंडळी निजामाच्या राज्यातील औरंगाबादेस गेली. घराण्याच्या तिकडील शाखेतील जगन्नाथ नावाच्या मुलाची निवड झाली. मुलगा ताई महाराजांच्या मांडीवर बसवला गेला, देणे-घेणे पूर्ण झाले, तसे कागद झाले, असे टिळकपक्षाचे म्हणणे. पुण्यास परतल्यावर मात्र ताई महाराजांनी ते नाकारले. ऑगस्ट १९०१ मध्ये त्यांनी कोल्हापूरच्या बाळ महाराजांना दत्तक घेतले. या दत्तकाला छत्रपती शाहू महाराजांच्या दरबाराची अनुकूलता होती.

१०/
दरम्यान जुलै १९०१ मध्ये ताई महाराजांनी पुण्याचे जिल्हा न्यायाधीश ॲस्टन यांच्याकडे अर्ज केला, की टिळक प्रभृतींना मृत्युपत्राबाबत मिळालेले प्रोबेट रद्द करावे. ॲस्टन यांच्यापुढे टिळकांची उलटतपासणी अनेक दिवस चालली. एप्रिल १९०२ मध्ये त्यांनी प्रोबेट रद्द तर केलेच, शिवाय खोटी साक्ष आणि इतर आरोपांबाबत टिळकांना फौजदारी न्यायालयाकडे पाठवले. प्रोबेटचा हुकूम उच्च न्यायालयात टिकला नाही. फौजदारी काम मात्र पुढे चालू राहिले.

११/
ऑगस्ट १९०३ मध्ये खास दंडाधिकारी क्लेमेंट्स यांनी टिळकांना दीड वर्षाची सक्तमजुरी आणि दंड ठोठावला. जानेवारी १९०४ मध्ये सत्र न्यायालयाने शिक्षा सहा महिन्यांवर आणली, दोषसिद्धी मात्र कायम ठेवली. मार्च १९०४ मध्ये उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती सर लॉरेन्स जेन्किन्स आणि न्या. बॅटी यांनी टिळकांना निर्दोष सोडले. चरित्रग्रंथांतील सर्वांत रंगणारा भाग येथे संपतो. मूळ वाद येथे संपला नाही, कारण फौजदारी निकालाने जगन्नाथ दत्तक आहे की नाही हे ठरत नव्हते.

१२/
हा भेद नीट ध्यानात घ्यावा. फौजदारी न्यायालय विचारत होते : टिळकांनी जाणूनबुजून असत्य सांगितले, हे निःसंशय सिद्ध झाले का? दिवाणी न्यायालय विचारणार होते : दोन मुलांपैकी बाबा महाराजांचा पुत्र कोण? पहिल्या प्रश्नाचे उत्तर ‘नाही’ असे आले, तरी दुसरा प्रश्न होता तसाच राहतो. निर्दोष सुटल्यावर टिळकांच्या अंगावरचा तुरुंगवास टळला; जगन्नाथाच्या अंगावर इस्टेट आली नाही. त्यासाठी पुण्याच्या प्रथम वर्ग सबजज्जाच्या न्यायालयात स्वतंत्र दिवाणी दावा चालू होता.

१३/
या दिवाणी दाव्याचा निकाल लागण्याआधीच ताई महाराज वारल्या. ज्यांनी अर्ज केला, ज्यांनी औरंगाबादचे दत्तविधान नाकारले, ज्यांच्या नावाने पुण्याच्या पेठापेठांतून पक्ष पडले, त्या तरुण स्त्रीला शेवटचा शब्द ऐकायला मिळाला नाही. येथे पहिला कसोटीचा क्षण येतो. मुख्य प्रतिवादीच गेली. दावा विरला का? निष्फळ झाला का?

१४/
दोन्ही प्रश्नांचे उत्तर ‘नाही’ असेच होते. दाव्याची मागणी ताई महाराजांकडून काही वसूल करण्याची नव्हती. जगन्नाथाचे दत्तविधान वैध आणि नंतरचे दत्तविधान रद्दबातल, असे जाहीर करून मागितले होते. त्या घोषणेवर इस्टेटीचा मालक ठरणार होता. दोन्ही दावेदार हयात होते, मिळकत जागेवर होती. किंबहुना विधवेच्या मृत्यूनंतर वाद अधिक टोकदार झाला. ती असेपर्यंत तिसरा दत्तक, नवा करार, तडजोड अशा शक्यता तरी होत्या. आता या दोघांपैकी एकच खरा ठरणार होता.

१५/
हे नेमके समजून घेण्यासाठी दुसरा एक गाजलेला खटला शेजारी ठेवू : मुंबईचा रखमाबाई खटला. अकराव्या वर्षी लग्न झालेल्या रखमाबाईंनी मोठेपणी पती दादाजी भिकाजी यांच्या घरी नांदण्यास नकार दिला. १८८४ मध्ये दादाजींनी वैवाहिक हक्क पुनःस्थापनेचा दावा लावला. सप्टेंबर १८८५ मध्ये न्या. पिन्हे यांनी रखमाबाईंच्या बाजूने निकाल दिला. १८८६ मध्ये अपिलात तो फिरला आणि प्रकरण पुन्हा सुनावणीस आले. मार्च १८८७ मध्ये न्या. फॅरन यांनी हुकूम केला : पतीकडे जावे, नाहीतर सहा महिने कैद.

१६/
रखमाबाईंनी कैद पत्करण्याची तयारी दाखवली. पुण्यात ‘केसरी’ आणि ‘मराठा’ त्यांच्या विरोधात लिहीत होते. त्यांच्या बाजूने मुंबईत समिती उभी राहिली आणि गरज पडल्यास प्रकरण लंडनपर्यंत नेण्याची भाषा होऊ लागली. प्रिव्ही कौन्सिलने एक मूलभूत प्रश्न सोडवावा अशी अपेक्षा निर्माण झाली होती : अजाणत्या वयात झालेल्या आणि कधीही प्रत्यक्षात न आलेल्या विवाहाच्या आधारे स्त्रीला सक्तीने नांदायला पाठवता येते का?

१७/
उत्तर आलेच नाही. जुलै १८८८ मध्ये तडजोड झाली. दोन हजार रुपये घेऊन दादाजींनी हुकमाची अंमलबजावणी सोडून दिली. त्या क्षणी न्यायालयाने देण्यासारखे काही उरले नाही. दोन्ही पक्षकार हयात होते, कायद्याचा प्रश्न पूर्वीइतकाच ज्वलंत होता, समाजात वाद धुमसत होता. तरीही खटला संपला. रखमाबाई पुढे लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या. कायद्यातील प्रश्न अनुत्तरित राहिला, आणि विवाहातील संमतीचा वाद न्यायालयाऐवजी विधिमंडळात, १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याच्या निमित्ताने, पुन्हा पेटला.

१८/
दोन खटले समोरासमोर ठेवले की नियम स्पष्ट होतो. रखमाबाई प्रकरणात माणसे जिवंत होती, पण मागणी मेली. ताई महाराज प्रकरणात माणूस गेले, पण मागणी जिवंत राहिली. अपिलाचा प्राण पक्षकाराच्या श्वासात नसतो, तो मागणीत असतो. प्रश्न किती थोर आहे, लोक त्याबद्दल किती तावातावाने बोलतात, यावरही तो अवलंबून नसतो. वैचारिकदृष्ट्या रखमाबाईंचा प्रश्न कितीतरी मोठा होता. तरी दोन हजार रुपयांनी तो न्यायालयाच्या दाराबाहेर गेला, आणि एका दिवसातील एका विधीचा प्रश्न चौदा वर्षे चालला.

१९/
पुण्याचा दावा १९०६ मध्ये टिळकपक्षाच्या बाजूने लागला : औरंगाबादचे दत्तविधान झाले होते आणि ते वैध होते. विरुद्ध पक्ष अपिलात गेला. १९१० मध्ये न्या. चंदावरकर आणि न्या. हीटन यांनी निकाल फिरवला. न्या. नारायण गणेश चंदावरकर हे प्रार्थना समाजाचे अग्रणी, राजकारणात मवाळ परंपरेचे. टिळक त्या वेळी १९०८ च्या राजद्रोहाच्या शिक्षेखाली मंडालेच्या तुरुंगात होते. जगन्नाथ दत्तक नाही, असा आता सर्वोच्च प्रांतिक न्यायालयाचा निर्णय होता.

२०/
हा दुसरा कसोटीचा क्षण. अपील करावे की सोडून द्यावे? टिळकांना या इस्टेटीतून वैयक्तिक लाभ नव्हता. फौजदारी आरोपातून ते सहा वर्षांपूर्वीच सुटले होते. खर्च, अंतर आणि तुरुंगवास या तिन्ही गोष्टी माघारीच्या बाजूने बोलत होत्या. पण ते विश्वस्त होते आणि १९०१ मध्ये ज्या मुलाला घरातून उचलून आणले त्याचे भवितव्य त्यांच्या शब्दावर टांगलेले होते. शिवाय दिवाणी निकाल तसाच राहू दिला असता, तर टिळक आणि खापर्डे यांची साक्ष अविश्वसनीय, हा शेरा न्यायालयीन अभिलेखात कायमचा राहिला असता.

२१/
यातला एक धागा वेगळा काढून पाहावा. केवळ बदनामी पुसण्यासाठी दिवाणी अपील चालवता येत नाही. अपील हुकूमनाम्याविरुद्ध असते, निकालपत्रातील कठोर वाक्यांविरुद्ध नसते. समजा १९११ मध्ये जगन्नाथाने तडजोड करून हक्क सोडला असता, तर टिळकांची अब्रू हा एकटा मुद्दा ते अपील तगवू शकला नसता. रखमाबाई प्रकरणासारखेच तेही संपले असते. टिळकांच्या नावावरील डाग धुण्याची संधी त्या मुलाच्या इस्टेटीच्या आधाराने जिवंत होती. मागणी टिकली म्हणून अब्रूचा प्रश्न टिकला.

२२/
प्रिव्ही कौन्सिलकडे कोणतेही प्रकरण सहज जात नसे. दिवाणी वादात मिळकतीचे मूल्य सामान्यतः किमान दहा हजार रुपये असावे लागे. सगळा अभिलेख छापून लंडनला पाठवावा लागे आणि वर्षे जात. टिळकांना या दरवाजाचा अनुभव होता : १८९७ आणि १९०८ या दोन्ही राजद्रोह खटल्यांनंतर तेथे अपिलाची परवानगी मागितली गेली आणि दोन्ही वेळा नाकारली गेली. या वेळी अपील ऐकले गेले. ते मंडालेहून सुटले जून १९१४ मध्ये. निकाल आला पुढच्या मार्चमध्ये.

२३/
कौन्सिलने उच्च न्यायालयाचा निकाल रद्द करून पुण्याच्या सबजज्जाचा निकाल पुन्हा कायम केला. उच्च न्यायालयाचे म्हणणे मान्य करावयाचे, तर प्रतिष्ठित साक्षीदारांनी संगनमताने खोटी साक्ष रचली असे मानावे लागते, आणि पुरावा तसे मानू देत नाही, असा कौन्सिलच्या विवेचनाचा रोख होता. औरंगाबादेत देणे-घेणे झाले. जगन्नाथ दत्तपुत्र ठरला. म्हणून ऑगस्ट १९०१ चे दत्तविधान आपोआप निष्प्रभ झाले. आठव्या मुद्द्यातला नियम येथे लागू पडला : एक दत्तपुत्र असताना दुसरा घेता येत नाही.

२४/
‘बाळ गंगाधर टिळक विरुद्ध श्रीनिवास पंडित’ या नावाने हा निकाल कायद्याच्या पुस्तकांत गेला, आणि तेथे तो वेगळ्याच कारणासाठी स्मरणात आहे. साक्षीदाराला त्याच्या आधीच्या विधानाच्या आधारे खोटे ठरवावयाचे असेल, तर ते विधान आधी त्याच्यापुढे ठेवून खुलाशाची संधी दिली पाहिजे, या तत्त्वासाठी भारतीय न्यायालयांत त्याचा दाखला दिला जात आला आहे. खटल्याच्या छापील नावात ताई महाराज नाहीत. लोकस्मृतीने मात्र तिचेच नाव राखले.

२५/
अपील जिवंत असणे आणि निकाल फलद्रूप होणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बाबा महाराजांच्या मिळकतीचा काही भाग कोल्हापूर संस्थानात होता. संस्थान ब्रिटिश हिंदुस्थानाचा भाग नव्हते. पुण्याच्या किंवा मुंबईच्या न्यायालयाचा हुकूमनामा तेथील जमिनीवर आपोआप चालत नसे. लंडनमध्ये जिंकूनही तेथील वाद मिटला नाही. जुलै १९२० मध्ये टिळक पुण्याहून मुंबईस गेले ते याच प्रकरणाच्या कामासाठी. तेथेच आजारी पडून १ ऑगस्ट १९२० रोजी सरदारगृहात त्यांचे निधन झाले.

२६/
निष्फळ अपिलाचा हा विचार जगभर सापडतो. १९४४ मध्ये इंग्लंडच्या हाउस ऑफ लॉर्ड्सपुढे कॅनडातील सन लाइफ विमा कंपनीचे अपील होते. निकाल काहीही लागला तरी विमेदाराकडून पैसे परत मागणार नाही आणि खर्चही आपणच देऊ, अशी हमी कंपनीने दिली होती. तिला फक्त कायद्याचा प्रश्न सोडवून हवा होता. सभागृहाने अपील ऐकण्यासच नकार दिला. प्रश्न महत्त्वाचा असला तरी दोन पक्षांमध्ये खरा वाद उरला नव्हता. रखमाबाई प्रकरणातील तडजोडीनंतरची स्थिती याहून फार निराळी नव्हती.

२७/
भारतात १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, न्या. कृष्ण अय्यर यांच्या लेखणीतून, याच विचाराची दुसरी बाजू मांडली : दावा लागल्यानंतर घडलेल्या घटनांनी मागितलेल्या न्यायाचे स्वरूपच बदलले असेल, तर न्यायालयाने त्यांची सावधपणे दखल घ्यावी. काळाकडे पाठ फिरवून निकाल देऊ नये. मात्र दखल घेणे म्हणजे प्रत्येक नव्या घटनेने अपील गुंडाळणे नव्हे. त्या घटनेने मागणीच नाहीशी केली का, हे पाहावे लागते.

२८/
जुना खटला वाचताना म्हणून तीन प्रश्न हाताशी ठेवावेत. एक : न्यायालयाकडे नेमके काय मागितले होते? दोन : मधल्या काळात घडलेल्या गोष्टीने ती मागणी संपली, की फक्त मागणारा किंवा देणारा बदलला? तीन : आज निकाल दिला तर कोणाच्या तरी स्थितीत फरक पडेल का? ताई महाराजांच्या मृत्यूला हे प्रश्न लावले की अपील का टिकले ते कळते. दादाजींच्या दोन हजार रुपयांना लावले की खटला का संपला तेही कळते.

२९/
आणि या कसोटीची मर्यादाही येथेच दिसते. औरंगाबादच्या त्या दिवसाचा कौन्सिलने बारकाईने शोध घेतला. ताई महाराजांच्या मनाचा शोध घेतला तो त्या दिवसाला लागू होण्यापुरता. तरुणपणी वैधव्य आलेल्या, आठवड्यांच्या बाळाला गमावलेल्या आणि वडीलधाऱ्या विश्वस्तांच्या विचाराने चालणे भाग असलेल्या स्त्रीला आपले मत पुढे बदलावेसे का वाटले, हा कोणाचाच वादमुद्दा नव्हता. इस्टेटीला वारस होते, म्हणून इस्टेटीचा प्रश्न लंडनपर्यंत पोचला. तिच्या प्रश्नाला वारस नव्हता. कायद्याच्या भाषेत तो प्रश्न तिच्याबरोबर विरला. इतिहासाच्या वाचकाने तो विरू देण्याचे कारण नाही.

(समाप्त)